गच्चीवर वाळत घातलेली मुंबई

माझं लग्न ठरलं तेव्हा सासूबाईंनी माझ्या आईला बाजूला घेऊन सांगितलं होतं, "मुलाला सुपारीचंही व्यसन नाही. पुस्तकं तेवढी आहेत, ती मात्र सुटायची नाहीत." आमची आई बीडकडची, लग्न होऊन वडिलांमागोमाग पिंपरीला आलेली. ती म्हणाली, "पुस्तकंच ना, राहू द्या की. कुठं खायला मागतेत?" तिला वाटलं, फार तर एखादं फडताळभर असतील.

लग्नानंतर थोड्याच दिवसांत पुस्तकांचा टेम्पो आला. खोकी दोन मजले चढवता चढवता हमालांनी दोनदा पाणी मागितलं. मी एक खोकं उघडलं, मुंबईवरचं पुस्तक. दुसरं उघडलं, तेही मुंबईवरचं. मुंबईची बेटं, मुंबईच्या गोद्या, ट्राम, गिरण्या, नाटकगृहं, मंडया. कुठल्या रस्त्याला कुणाचं नाव का पडलं, याचं एक. पूर्वी वाटसरूंसाठी जागोजागी दगडी पाणपोया बांधल्या होत्या, नुसत्या त्यांच्यावर एक जाडजूड. काही मराठी, बरीचशी इंग्रजी, आणि एक गुजराती. गुजराती तर त्याला वाचताही येत नाही. "त्यात नकाशे चांगले आहेत," तो म्हणाला.

माझा नवरा गिरगावातल्या चाळीत वाढला. डिप्लोमा करून मुंबईतल्याच एका कारखान्यात मेंटेनन्सला लागला. पुढे त्या कारखान्याने मुंबईतली जागा सोडली आणि सगळा बाडबिस्तरा चाकणला हलवला. मशिनींबरोबर हाही आला. चाळ पाडायला निघाल्यावर सासूबाई थोरल्या दिरांकडे डोंबिवलीला गेल्या, आणि पुस्तकं, सासऱ्यांनी फोर्टच्या फुटपाथवरून जमवलेली आणि याने त्यात भर घातलेली, आमच्या वाट्याला आली.

आमचं घर पिंपरीजवळच्या थेरगावात, डांगे चौकापासून आत. हॉल, स्वयंपाकघर आणि एक खोली. एवढ्या जागेत मुंबई मावायची कशी? पोटमाळा भरला, लोखंडी कपाट भरलं, मग दिवाणाच्या पोटात. पाहुणे मुक्कामाला आले की जादा गादी काढायची सोय नव्हती. दिवाणात माहीम आणि वरळी होती. गव्हाच्या कोठीवर एक चळत, शिलाई मशीनच्या खाली एक. मी झाडू मारताना चिडायचे आणि तो मुकाट्याने चळत उचलून धरायचा. मी झाडून पुढे गेले की पुन्हा होती तिथे ठेवायचा.

तो बोलायचा फार कमी. पहिल्या शिफ्टहून आला की चहा घेऊन खिडकीशी बसायचा, मांडीवर एक पुस्तक. मी भोसरीला एका वर्कशॉपमध्ये क्वालिटीत आहे. मी घरी यायचे तेव्हाही तो तसाच बसलेला असायचा. काय वाचतोस विचारलं तर "भायखळा" म्हणायचा, किंवा "डोंगरी". बाकीचे नवरे क्रिकेटचा स्कोअर सांगतात तसं.

मुंबई मी तोवर एकदाच पाहिली होती, शाळेच्या सहलीत. घाटात मला उलट्या झाल्या, राणीच्या बागेत पाणघोडा पाहिला, आणि गेटवेला पोचेपर्यंत बाईंनी आम्हाला इतकं दमवलं होतं की समुद्राकडे पाठ करून मी डबा खाल्ला. त्या शहरावर इतकं लिहिण्यासारखं काय आहे ते मला कळत नव्हतं, आणि विचारायचं कधी मनातही आलं नव्हतं.

एप्रिलातली गोष्ट. मी कामावर होते. फोन वाजला, खालच्या आजींचा.

"पोरी, तुझ्या दारातनं वगळ वाहतिया बघ. पायऱ्यांवरनं पानी आलं खाली. आबांनी कुलूप तोडलंय. रागवू नगं."

आबा म्हणजे आमचे घरमालक. मूळचे थेरगावचे, पिढ्यान्‌पिढ्या शेती केलेले. आता रानाच्या जागी इमारती आहेत. आमची त्यातलीच एक. ते आणि आजी तळमजल्यावर राहतात. डोक्याला टोपी, अंगात पांढरं शर्ट-धोतर, आणि भाडं मागायला कधी वर न येणारा माणूस.

मी सुपरवायझरला सांगून रिक्षा पकडली. घरात शिरले तर आबा हॉलच्या मधोमध उभे, धोतराचा काचा वर खोवलेला, पावलं पाण्यात. गच्चीवरच्या टाकीतून येणारा पाइप आमच्या पोटमाळ्यामागच्या भिंतीतून जातो. तो आतल्या आत फुटला होता. पाणी पोटमाळ्यावर साचलं, तिथून कपाटावर, कपाटातून दिवाणात. म्हणजे नेमकं जिथे जिथे पुस्तकं होती तिथे तिथे. गव्हाची कोठी कोरडी होती. माझ्या साड्या कोरड्या होत्या.

आबा पोटमाळ्यावरून एकेक पुस्तक दोन्ही हातांनी, करडू उचलावं तसं, खाली घेत होते आणि आजी ती पदराने टिपून दाराबाहेर मांडत होत्या.

"किती हायेत गं ही?" आबांनी विचारलं.

"माहीत नाही आबा. कधी मोजली नाहीत."

"पाइप बदला म्हनून प्लंबर मागल्या वर्सीच बोलला हुता," आबा म्हणाले. "म्या म्हनलं, चालतंय की अजून. माझीच चूक हाय ही."

एक पुस्तक उचललं तर हातात पोळीच्या भिजवलेल्या कणकेसारखं बसलं. कपडे भिजले तर वाळवता येतात, गादीही उन्हात टाकता येते. पुस्तकाचं काय करतात ते मला ठाऊक नव्हतं. नवऱ्याला फोन लावायला घेतला आणि ठेवून दिला. तो मशिनीत हात घालून काम करणारा माणूस. अशा वेळी त्याला हे ऐकवायचं नाही, एवढं मला कळलं.

आजी म्हणाल्या, "गच्चीत न्या. पन उन्हात नगं. कागुद हाय, कुरडईगत कडक व्हईल. टाकीच्या सावलीला घाला, वारं लागू द्या."

आम्ही तिघं ती वर नेऊ लागलो. तिसऱ्या मजल्यावरच्या काकू दार उघडून बघायला आल्या आणि पदर खोचून कामाला लागल्या. या काकू देवगडकडच्या. काकांच्या नोकरीपायी सगळा जन्म चिंचवड-थेरगावात गेला, पण घरात बोलतात मालवणीच. काका गेल्यावर एकट्याच राहतात. कुरडयांसाठी पसरायचे प्लास्टिकचे कागद, जुन्या चादरी, सतरंज्या, जे मिळेल ते अंथरलं. टाकीची सावली पुरेना, तेव्हा काठ्यांना साड्या बांधून सावली केली. जागा संपल्यावर उरलेली पुस्तकं कठड्यावर उघडी उभी केली.

चार वाजून गेल्यावर कंपनीची बस चौकात येते. मी कठड्याशी जाऊन उभी राहिले. तो गल्लीच्या तोंडाशी दिसला, खांद्यावर डब्याची पिशवी. इस्त्रीवाल्याच्या टपरीपाशी आला आणि त्याची मान वर गेली. कठड्यावर ओळीने उघडी पुस्तकं, वाऱ्याने त्यांची पानं फडफडत होती. तो तिथेच थांबला.

वर आला तेव्हा दारातच त्याने कंपनीचे जाड बूट काढून ठेवले, मोज्यांवर चालत पुस्तकांच्या ओळींमधून शेवटपर्यंत गेला आणि परत आला. मग त्याने गोद्यांवरचं मोठं पुस्तक उचललं, मांडी घालून बसला आणि नखाने दोन पानं हळूहळू वेगळी करायला लागला.

"फोटोची पानं आधी सोडवायला हवीत," तो म्हणाला. "वाळली की एकमेकांना चिकटतात. मग सुटत नाहीत."

आबा त्याच्यासमोर उकिडवे बसले. "माझ्या पायपानं केलंय हे. काय भरून देऊ सांग."

"आबा, भरून काय देणार? यातली निम्मी आता कुठे मिळतच नाहीत."

तो रागाने बोलला नव्हता, जे खरं होतं ते बोलला होता. पण आबांचा चेहरा असा पडला की मलाच कसंतरी झालं. त्यालाही ते दिसलं असावं. "पण तुम्ही वेळेत काढलीत," तो पुढे म्हणाला. "नाहीतर लगदाच व्हायचा."

आजी खाली गेल्या आणि एक गाठोडं घेऊन आल्या. त्यांची जुनी नऊवारी लुगडी, धुऊन धुऊन मऊ झालेली. त्यांनी ती सरळ टराटरा फाडली आणि पट्ट्या आमच्या हातात दिल्या. "पानात घाला. पानी पिऊन घेतंय हे." वर्तमानपत्राची शाई लागली असती, लुगड्यांना ती भीती नव्हती. एका हिरव्या लुगड्याचा रंग मात्र जरासा उतरला, आणि मलबार हिलच्या पुस्तकाची काही पानं अजूनही पोपटी आहेत.

दिवस मावळेपर्यंत आम्ही पाचजण गच्चीवर बसून पानं सुटी करत होतो. एवढी पुस्तकं रात्रभर उघड्यावर ठेवता येणार नव्हती, आणि आमचं घर तर ओलंचिंब. तेव्हा काकू म्हणाल्या, "माका दे गो त्यातली. माझ्याकडे फॅन रिकामोच फिरता." त्यांनी एक ढीग नेला. आबांनी दोन घमेली भरून खाली नेली. शेजारच्या खोलीत ताथवड्याच्या कॉलेजात शिकवणारे दोघे भाडेकरू होते, त्यांनीही टेबल रिकामं करून दिलं. नवरा प्रत्येकाच्या दारापर्यंत जाऊन सांगून आला, "पंखा दोनवर ठेवा. उभी ठेवू नका, आडवी ठेवा. आणि पान उलटत राहा."

पान उलटत राहा, असं त्याने सांगितलं, आणि माणसं ती उलटता उलटता वाचायला लागली.

माझंही तेच झालं. मी रोज संध्याकाळी इस्त्री घेऊन बसायचे, पानावर सुती कापड टाकून हलक्या हाताने फिरवायचे. मला कामावर व्हर्नियरने केसाएवढा फरक मोजायची सवय, म्हणून पान सुरकुतीशिवाय निघालं की बरं वाटायचं. इस्त्री गार होईपर्यंत हातातलं पान वाचायचे. असं करता करता मुंबईला पाणी कुठून येतं त्याचं पुस्तक मी अर्धं वाचलं. विहिरींवर जगणारं शहर, उन्हाळ्यात हाल, मग विहार, तुळशी, तानसा हे तलाव. पाण्यासाठी इतकी मारामार झाली असेल याची कल्पना नव्हती. मग बेटांचं पुस्तक आलं.

"अरे, माझगाव म्हणजे वेगळं बेट होतं?" मी विचारलं.

"हो."

"आणि वरळी? माहीम?"

"तीही," तो म्हणाला, आणि चेहरा सरळ ठेवून पुढे म्हणाला, "तू ती दिवाणात ठेवली होतीस."

लग्नाला चार वर्षं होत आली होती. त्याने केलेला हा पहिला विनोद मला आठवतो.

आठ-दहा दिवसांनी काकू एक पुस्तक हातात धरून तरातरा खाली आल्या. पुस्तक कोरडं होतं, त्याच पेटल्या होत्या.

"ह्या कोणी लिवलां? म्हणता, माजगावचो आंबो पूर्वी लय नावाजलेलो होतो! बादशाक जायत होतो! माजगावात आंबो? बोटी दुरुस्त करतत थंय!"

"काकू, खरं आहे ते," नवरा म्हणाला. "पूर्वी तिथे आमराया होत्या."

"देवगडचो हापूस सोडून?"

"तेव्हा देवगडचा एवढा येत नसेल मुंबईत."

"नसात येत," काकू म्हणाल्या, "पण होतो तरी ना?" आणि पुस्तक परत घेऊन गेल्या. अजून वाचायचं होतं त्यांना. दुसऱ्या दिवशी हापूसची फोड बशीत घालून आमच्याकडे आली, आणि वर निरोप, आता सांगा म्हणावं.

आबांचं मात्र काही कळेना. त्यांनी घमेली भरून नेलेली पुस्तकं एकेक करून परत आली, पण एक काही येईना. मराठी होतं, मुंबईच्या मंडयांवरचं. नवऱ्याने मागितलं नाही. एका रविवारी सकाळी आबाच ते घेऊन वर आले, चष्मा नाकावर, एका पानात लुगड्याची पट्टी खुणेला.

"ही भायखळ्याची मंडई हाय न्हवं?" त्यांनी चित्रावर बोट ठेवलं. "मी गेलतो हितं. लई येळा."

मग ते बसले आणि सांगायला लागले. तरणे असताना त्यांच्या रानातली कोथिंबीर, मेथी, टमाटे ट्रकने भायखळ्याला जायचे. गावातले तिघं-चौघं मिळून ट्रक करायचे. मालावर ताडपत्री आणि ताडपत्रीवर हे. खंडाळ्याचा घाट उतरला की अंगाला चिकट वारं लागायचं, त्यावरून मुंबई जवळ आली हे समजायचं. मंडईत माल उतरवायचा, आडत्याशी घासाघीस करायची, नळावर तोंड धुवायचं, चहा-पाव खायचा आणि त्याच ट्रकने परत, कारण घरी दुसरी तोडणी थांबलेली असायची.

"बाकी काय पाहिलं मग मुंबईत?" मी विचारलं.

"काय न्हाई. मंडई आन् ट्रक." आबांनी पुस्तक मिटलं. "ह्यात लिवलंय, मंडईपासनं राणीची बाग चालत जाण्याजोगी हाय. मला कुनी सांगितलंच न्हाई राव! इतक्या येळा गेलो, पन मुंबई काय पाह्यली न्हाई."

ते हसले, पण नवरा हसला नाही. तो एकदम बोलायला लागला. मंडईच्या मागून कुठली गल्ली कुठे निघते, ट्राम कुठून वळायची, त्याचे वडील रविवारी त्याला हात धरून कुठून कुठे चालवत न्यायचे. आबा मध्ये मध्ये "व्हय, व्हय, तितं एक पिंपळ हुता" म्हणायचे. चहा तीनदा झाला. मी स्वयंपाकघरातून ऐकत होते. माझ्या नवऱ्याकडे एवढे शब्द आहेत हे मला त्या दिवशी कळलं.

त्यानंतर रविवारी सकाळी आबा वर येणार हे ठरूनच गेलं. इंग्रजी पुस्तकातलं हवं असेल तर नवरा मराठीत सांगायचा. काकूही येऊन बसायच्या, माशांचा विषय निघाला की पुस्तकाला गप्प करायच्या. आजींना वाचता येत नव्हतं, त्या चित्रं बघायच्या आणि नेमकं विचारायच्या, "ही बाई येवढ्या सकाळी टोपली घिऊन कुटं निगाली आसंल?" त्याचं उत्तर कुठल्याच पुस्तकात नसायचं.

एका रविवारी त्याच म्हणाल्या, "नुसतं बोलत काय बसलाय? चला की जाऊ. पोराची गाडी उभीच आसती."

अशी आम्ही पाचजणं आबांच्या मुलाच्या सात सीटच्या गाडीतून उजाडताना वाकडच्या पुलावरून मुंबईला निघालो. नवरा पुढे, मुलाने दिलेल्या ड्रायव्हरशेजारी, मांडीवर हाताने काढलेला नकाशा. आदल्या दिवसापासून तो लग्नघरातल्या माणसासारखा अस्वस्थ होता. घाटात मला उलटी झाली नाही, हे मी मुद्दाम सर्वांना सांगितलं.

आधी भायखळा. गाडी लांब उभी करून आम्ही चालत मंडईत शिरलो. आबा दारातच थबकले, टोपी नीट केली. आत ओल्या पालेभाजीचा वास, हातगाड्या, हमालांचं "बाजू, बाजू." आडत्यांचे मोठे व्यवहार केव्हाच दुसरीकडे गेले होते, पण भाजी होतीच. आबांनी एका ढिगातली कोथिंबिरीची जुडी उचलली, मुळाकडून वास घेतला.

"कुटली ही?"

"नाशिकची, बाबा."

"पानी मारलंय लई. संध्याकाळपत्तुर काळी पडंल."

भाजीवाली कंबरेवर हात ठेवून म्हणाली, "मग नका घेऊ. लोकं सकाळीच नेतात."

आबा खूश झाले. कुणीतरी आपल्याशी तसंच भांडावं म्हणूनच ते आले असावेत. बराच वेळ घासाघीस करून त्यांनी भलामोठा ढीग विकत घेतला. आजी कपाळावर हात मारून म्हणाल्या, "आवं, येवढी कोतमीर काय डोक्यात माळायची हाय?" आबा गठ्ठा खांद्यावर घेऊन राणीच्या बागेपर्यंत चालत गेले. पुस्तकात लिहिलं होतं तसं.

दुपारी गिरगावात आलो आणि गोंधळ सुरू झाला. नवऱ्याला रस्ता सापडेना. मेट्रोच्या कामाने ओळखीची वळणं बदलली होती. तो सांगायचा, इथे डावीकडे इराण्याचं हॉटेल, आणि तिथे मोबाइलचं दुकान निघायचं. शेवटी एका गल्लीत तो थांबला. चाळीच्या जागी उंच टॉवर होता, निळ्या काचांचा. खाली केबिनमध्ये वॉचमन.

"किसके यहाँ जाना है?" वॉचमनने विचारलं.

नवऱ्याला आता तिथे कुणाकडेच जायचं नव्हतं. चाळ पाडली हे त्याला ठाऊक होतं, टॉवर झाल्याचंही ऐकलं होतं, पण तो त्या बाजूला पुन्हा फिरकला नव्हता. तो रस्त्यावरच उभा राहिला, मान वर करून. आमचं बिऱ्हाड तिसऱ्या मजल्यावर होतं, असं काहीसं पुटपुटला. मी जवळ जायला निघाले, पण आबा आधी पोचले. कोथिंबिरीचा गठ्ठा त्यांनी फुटपाथवर ठेवला आणि त्याच्याशेजारी तसेच मान वर करून उभे राहिले.

"कुटं म्हनायचं तुमचं घर?"

नवऱ्याने हवेत बोट दाखवलं. "तिथे. त्या खिडकीच्या जरा खाली. पुढे कठडा होता, तिथे वडील बसायचे वाचत."

आबांनी नीट बघून घेतलं. मग म्हणाले, "तुमच्या सैपाकघराखाली माझा कांदा हुता. ठावं हाय? थेरगावात. तुझी बायकू भाकरी थापती ना, बराबर तितं. म्हातारा माझा, बाप, त्या बांधाला बसून कांदा निवडायचा. आता रोज दारातनं ये-जा करताना मी बांधावरनंच जातुया."

"तुम्हाला कसं वाटतं आबा?"

"वंगाळ वाटतं कवा कवा. मग तुमच्याकडनं फोडनीचा वास येतो. म्हंजी रान काय वाया गेलं न्हाई, मानसं जेवतात तितं." त्यांनी गठ्ठा पुन्हा खांद्यावर घेतला. "चला. म्हातारीला समुद्र दावायचाय."

नवरा चष्मा पुसत त्यांच्या मागून चालायला लागला. केबिनमधला वॉचमन आमच्याकडे आणि कोथिंबिरीकडे आळीपाळीने बघत होता.

चौपाटीवर आजींनी चपला हातात घेतल्या आणि काष्टा सावरत सरळ पाण्यात गेल्या. लाट आली तशी माझा हात घट्ट धरला. वाकून ओंजळ भरली, जिभेला लावली, थुंकली. मग दूरवर बघत म्हणाल्या, "येवढं पानी. आन् रानाला काय उपेग न्हाई." काकू मागून ओरडल्या, "आजी, मासे ह्येतूनच येतत हां! नावां ठेवू नकात!" मीही तोंड समुद्राकडे करून उभी राहिले. शाळेच्या सहलीतला हिशेब असा तर असा, चुकता झाला.

परत येताना गाडीभर कोथिंबिरीचा वास होता. लोणावळा येईपर्यंत तिघं म्हातारी माणसं झोपली. नवरा मागे वळून हळूच म्हणाला, "गिरगाव नीट दाखवता आलं नाही मला." मी म्हटलं, "पुन्हा येऊ." त्याने नकाशा घडी करून खिशात ठेवला. दुसऱ्या दिवशी सगळ्या इमारतीत कोथिंबीर वड्या झाल्या. कॉलेजच्या त्या दोघा भाडेकरूंना तर डबे भरून पोचवल्या.

पुस्तकं हळूहळू घरी आली. वाळली, पण फुगली. पूर्वी एका फळीत बसायची त्यांना आता दीड फळी लागते. काहींच्या पाठी वाकड्या झाल्या. दोन-तीन मात्र वाचवता आली नाहीत, त्यातलं एक ते गुजराती. नवऱ्याने त्यातले नकाशे तेवढे सोडवून घेतले. आबांनी पाइप नवा घातला, पण आता भिंतीच्या बाहेरून, सगळ्यांना दिसेल असा. दिसायला अगदी ओंगळ आहे. कुणीही त्याला नावं ठेवत नाही.

यंदा त्याच्या कंपनीने मुंबईच्या ऑफिसात जागा काढली. सर्व्हिसची, बढतीची, आणि साहेबांनी आपणहून त्याला विचारलं. त्याने घरी येऊन सांगितलं तेव्हा मी भात कुकरला लावत होते. मी शिट्टी बसवली आणि वळून विचारलं, "मग?" माझी नोकरी भोसरीची, आई-वडील इथे. पण तो जाऊ या म्हणाला असता तर मी गेले असते. एवढं त्याचं आणि त्या शहराचं मला कळायला लागलं होतं.

"तुला काय वाटतं?" त्याने विचारलं.

"तुझं शहर आहे. तू सांग."

तो ओट्याला टेकून उभा राहिला. "तिकडे परवडेल असं राहायचं म्हणजे बदलापूर-कर्जत. जाण्यायेण्यातच दिवस जाणार." मग म्हणाला, "मुंबईत नोकरी करून मुंबईची पुस्तकं वाचायला वेळ कधी मिळायचा?"

मला हसू आलं. तो मात्र मनापासून बोलत होता. त्याने तिथेच साहेबांना फोन लावला, आभार मानले, जमणार नाही म्हणून सांगितलं. कुकरची पहिली शिट्टी झाली तेव्हा तो पायात चपला घालत होता.

"कुठे निघालास?"

"आबांना सांगून येतो."

मी खिडकीतून खाली पाहिलं. आबा दारापुढच्या कट्ट्यावर बसले होते. नवरा उभ्या उभ्या सांगत होता, आणि आबा हातवारे करून त्याला चांगलेच फैलावर घेत होते. "आरं, बढती सोडती का कुनी? खुळं का काय तू?" एवढं मला वरपर्यंत ऐकू आलं. बोलता बोलता ते कट्ट्यावर बाजूला सरकले आणि हाताने जागा झटकून त्याला बसायला दिली.